सान सिरोचे तिकीट: एक मैदान, दोन यजमान

इटलीतील मिलान शहरात शिकायला आल्यावर सान सिरो मैदानावर फुटबॉलचा सामना पाहायचा हे ठरलेलेच होते. पण तेथे आधी ठरवावे लागते ते सामना कोणाच्या घरी पाहायचा हे. 1908 साली एसी मिलान क्लबातून फुटून इंटर हा क्लब निघाला. मिलानचे तेव्हाचे अध्यक्ष पिएरो पिरेल्ली यांनी 1926 मध्ये बांधलेले हे मैदान 1935 मध्ये नगरपालिकेने विकत घेतले आणि 1947 पासून इंटरही तेथे खेळू लागला. थोडक्यात, वेगळे झालेले भाऊबंद पुन्हा एकाच वाड्यात बिऱ्हाड थाटून राहिले, आणि वाडा मात्र तिसऱ्याच्या मालकीचा होता. परिणामी ज्या क्लबचा घरचा सामना असेल, त्याच क्लबच्या संकेतस्थळावर जावे लागते आणि दोन्हीकडे वेगळे खाते उघडावे लागते.

मला दोघांच्याही घरचा सामना पाहायचा होता, म्हणून मी दोन्ही खाती उघडली आणि दोन्ही सभासद-कार्डे घेतली: मिलानचे ‘क्वोरे रोस्सोनेरो’ आणि इंटरचे ‘सियामो नोई’. कार्ड घेण्याचे कारण असे की, मोठ्या सामन्याची तिकिटे टप्प्याटप्प्याने सुटतात. आधी हंगामी तिकीटधारकांना, मग कार्डधारकांना आणि उरलीच तर सर्वांना. दोन्ही क्लबांमधील लढतीच्या वेळी तर शेवटचा टप्पा येईपर्यंत बहुधा काही उरतच नाही.

खरा वेळ गेला तो नाव भरण्यात. प्रेक्षकांमधील हाणामाऱ्यांना आळा घालण्यासाठी इटलीने 2005 पासून मोठ्या मैदानांवरील तिकिटे नावानिशी देण्याचा नियम केला. तिकिटावर नाव छापले जाते आणि प्रवेशद्वारी ते ओळखपत्राशी ताडून पाहतात. अर्जात रकाने दोनच, नाव आणि आडनाव. आपल्याकडे मधे वडिलांचे नाव असते आणि माझ्या पासपोर्टवर ते माझ्या नावाला जोडूनच छापलेले आहे. ते गाळावे की ठेवावे, याबद्दल ज्येष्ठ विद्यार्थ्यांमध्ये दोन पक्ष होते. मी पासपोर्टवर आहे तसेच, अक्षर न् अक्षर, पहिल्या रकान्यात भरले आणि कार्डांवरही तेच ठेवले. बाहेरच्या कुंपणाशी उभ्या असलेल्या स्वयंसेवकाने पासपोर्टच्या ओळीवर बोट ठेवून एकेक अक्षर जुळवले, उच्चाराचा एक प्रयत्न केला, तो अर्ध्यावर सोडला आणि हसून मला आत पाठवले.

जागा निवडताना रंग कळले पाहिजेत. पश्चिमेची बाजू लाल, पूर्वेची नारिंगी, उत्तरेची हिरवी आणि दक्षिणेची निळी. त्यातही पहिला, दुसरा, तिसरा असे मजले. तिसरा मजला 1990 च्या विश्वचषकासाठी चढवला आणि तो पूर्वेकडे नाही. विद्यार्थ्याच्या खिशाला परवडतो तो हाच मजला. तेथे जाण्याची वाट दंडगोलाकार मनोऱ्यांमधून वर चढते. अशा अकरा मनोऱ्यांपैकी कोपऱ्यांवरच्या चार मनोऱ्यांनी छताच्या लाल तुळया पेलल्या आहेत. वर पोहोचेपर्यंत दम लागतो, उतारही चांगलाच तीव्र आहे. पण खेळाडूंची मांडणी तेथून जितकी स्वच्छ दिसते तितकी खालच्या महागड्या खुर्च्यांवरून दिसत नसावी, असे माझे ठाम मत आहे. या मजल्याची आणि छताची किंमत गवताने मोजली. ऊन आणि वारा अडल्यामुळे ते वारंवार बदलावे लागे. अखेर 2012 मध्ये नैसर्गिक गवतात कृत्रिम धागे विणून तोडगा काढला गेला.

इंटरचा साखळी सामना आणि नंतर मिलान यजमान असलेली दोघांची लढत, दोन्ही मी तिसऱ्या मजल्यावरूनच पाहिले. घर कोणाचे हे मैदानाकडे पाहून नव्हे, तर झेंड्यांच्या रंगांवरून आणि हंगामी तिकीटधारकांच्या गर्दीवरून कळते. परस्परांविरुद्धच्या लढतीतसुद्धा कट्टर समर्थक आपापले टोक सोडत नाहीत. मिलानचे दक्षिणेला, इंटरचे उत्तरेला. यजमान बदलला तरी ही वाटणी बदलत नाही, याचे मला अजूनही नवल वाटते.

नोव्हेंबर 2025 मध्ये नगरपालिकेने हे मैदान आणि भोवतालची जमीन 19 कोटी 70 लाख युरोंना दोन्ही क्लबांना विकली. व्यवहाराची घाईही समजण्यासारखी होती; 1955 मध्ये पूर्ण झालेल्या दुसऱ्या मजल्याला विक्रीआधीच सत्तर वर्षे भरली असती, तर सार्वजनिक वास्तू म्हणून त्याला कायद्याचे संरक्षण लागू होऊन तो पाडता आला नसता. आता शेजारीच नवे मैदान बांधून जुन्याचा बहुतांश भाग पाडण्याची योजना आहे. नवे मैदानही दोघांचे सामाईकच असणार आहे, त्यामुळे दोन खाती आणि दोन कार्डांची ही यातायात तेथेही चुकेल असे दिसत नाही. ज्यांना जुने सान सिरो पाहायचे आहे, त्यांनी आधी कार्ड काढावे, नाव पासपोर्टप्रमाणेच भरावे आणि सामन्याच्या दिवशी मूळ पासपोर्ट बरोबर ठेवावा.