पिवळा पट्टा कुठे आहे?

पिवळे-काळे काहीतरी गुणगुणत खिडकीतून आत आले की नाशिकच्या कुठल्याही घरात एकच हाक उठते, ‘गांधीलमाशी आली गं, लांब हो!’ ती कोणती होती हे पाहायला कोणी थांबत नाही, आणि त्यात फारसे गैरही नाही, कारण तो रंग असाच परिणाम व्हावा म्हणून आहे. ब्राझीलमध्ये राहून फुलपाखरांचा अभ्यास करणाऱ्या फ्रिट्झ म्युलर या जर्मन निसर्ग-अभ्यासकाने १८७८ मध्ये याचा हिशेब मांडला होता. दोन वेगवेगळे पण दोन्ही घातक किंवा बेचव जीव एकसारखे दिसू लागले, तर पक्ष्याला धडा एकदाच शिकावा लागतो आणि त्या शिकवणीत बळी जाणाऱ्यांचा तोटा दोघांत वाटला जातो. गांधीलमाश्यांनी पिवळा आणि काळा हे दोन रंग पिढ्यान्‌पिढ्या सांभाळले, त्यामागेही हाच व्यवहार आहे.

म्हणजे नुसता रंग पाहून त्यांना ओळखायला जाणारा माणूस त्यांच्याच डावात सापडतो. या बाबतीत माझे मत आता पक्के झाले आहे की रंग कोणता हे विचारण्यापेक्षा तो अंगावर नेमका कुठे आहे हे पाहावे. पिवळा पट्टा कमरेला लागून आहे, पोटाच्या मागच्या बाजूला आहे, की पायांवर आहे, एवढे दिसले तरी निम्मी ओळख पटते.

आधी आकाराने मोठ्या असलेल्या दोघी घेऊ. व्हेस्पा ट्रॉपिका ही गडद, जवळजवळ काळी गांधील. तिच्या पोटाच्या सुरुवातीला, कमरेच्या लगेच मागे, एकच रुंद पिवळा किंवा नारिंगीकडे झुकणारा पट्टा असतो आणि त्यापुढे टोकापर्यंत सगळे काळे. व्हेस्पा ओरिएंटॅलिस विटकरी तपकिरी असते, तिचा चेहरा पिवळा असतो आणि पट्टा पोटाच्या मागच्या निम्म्या भागात असतो. उन्हाळ्यात गंगापूर रोडवरच्या एखाद्या रसवंतीसमोर उभे राहावे. पिळून बाजूला टाकलेल्या उसाच्या चिपाडांवर ही विटकरी गांधील हमखास दिसते. द्राक्षांचा हंगाम ऐन भरात असताना बागेत पाखरांनी टोचलेल्या किंवा उकललेल्या मण्यांवरही तिचा मुक्काम असतो. भर दुपारी, माणसे सावली शोधत असताना, तिची लगबग वाढलेली असते. तेल अवीवच्या संशोधकांनी २०१० मध्ये असे मांडले की तिच्या तपकिरी भागावरील अतिसूक्ष्म खाचा ऊन अंगात अडकवून ठेवतात आणि पिवळ्या पट्ट्यातील झँथॉप्टेरिन हे रंगद्रव्य त्या उन्हाचा काही अंश विजेत बदलू शकते. पट्टा केवळ धाक दाखवण्यापुरता नाही, अशी शक्यता त्यातून पुढे आली. मला त्या संशोधनापेक्षा रसवंतीवाल्या मामांचे वागणे अधिक थक्क करते. ते या गांधिलींच्या मधून निर्धास्त हात घालून चिपाडे उचलतात आणि त्यांना कोणी डसत नाही.

नाशिकमधल्या जुन्या वाड्यांच्या सागवानी खिडक्यांवर आणि नव्या फ्लॅटच्या ग्रीलखाली सर्वांत जास्त दिसते ती मात्र या दोघींपैकी कोणीच नसते. ती असते रोपालिडिया मार्जिनाटा, जेमतेम सेंटिमीटरभर लांबीची, तांबूस तपकिरी, आणि तिच्या पोटावर एक बारीक पिवळी कड. कड इतकी बारीक की ती नीट पाहायला जवळ जावे लागते, आणि जवळ जायचे धाडस होत नाही म्हणून बहुतेकांची ओळख अर्धवट राहते. खिडकीचे लाकूड उन्हापावसाने करडे झाले असेल, तर तिथे ती कशी बसते पाहावे: डोके खाली, जबडे एकाच रेषेत मागे सरकत, आणि लाकडावर मागे राहिलेली नखभर लांबीची उजळ रेघ. निघालेला तंतू लाळेत मळून त्याचा कागद करायचा आणि त्या कागदाचे खण बांधायचे. या पोळ्याला वरून आवरण नसते, त्यामुळे खालून पाहिले की उघड्या खणांतील अळ्यांची डोकी दिसतात आणि कोश झालेल्या खणांवर बसवलेली झाकणे वेगळी ओळखू येतात.

बंगळूरच्या भारतीय विज्ञान संस्थेत राघवेंद्र गदगकर यांनी याच जातीच्या समाजजीवनावर कित्येक वर्षे काम केले. त्यांच्यासमोरची अडचण मजेशीर होती. जात रंगावरून ओळखता येते, पण पोळ्यातली ही कोण आणि ती कोण हे कळत नाही. राणीसुद्धा कामकऱ्यांपेक्षा वेगळी दिसत नाही. म्हणून प्रत्येक गांधिलीच्या पाठीवर लवकर वाळणाऱ्या रंगाचे ठिपके देऊन तिला ओळख द्यावी लागली. त्या ठिपक्यांमुळेच कळले की इथली राणी दांडगाई करत नाही, ती अगदी शांत असते. राणीला पोळ्यावरून उचलले की उरलेल्यांपैकी एकच कामकरी एकाएकी कमालीची आक्रमक होते, पुढे तीच राणी होते आणि राणी झाल्यावर तीही निवळते. अमेरिकेत एलिझाबेथ टिबेट्स यांनी २००२ मध्ये पॉलिस्टिस फ्युस्केटस या कागदी पोळे बांधणाऱ्या जातीत उलटा प्रयोग केला. तिथे माश्यांच्या चेहऱ्यावरील खुणा मुळातच वेगवेगळ्या असतात. त्यांनी काहींच्या चेहऱ्यांवर रंग लावून त्या खुणा बदलल्या, तर पोळ्यातल्या बाकीच्या माश्या त्यांच्याशी अनोळखी असल्यासारख्या भांडल्या. खुणा पाहून ओळख पटवण्याचा उद्योग माणसाचाच नाही, हे त्यातून दिसले.

पॉलिस्टिसच्या आपल्याकडेही जाती आहेत. त्यांतली एक जवळजवळ सबंध पिवळी असते, अंगावर बारीक गडद रेघा असतात, आणि उडताना तिचे लांब मागचे पाय खाली लोंबतात. गच्चीवर संध्याकाळी ती उजेडाच्या आड आली तर रंग न दिसताही या लोंबत्या पायांवरून तिला ओळखता येते. बसलेली असेल तर आणखी एक खूण आहे: तिचे पंख लांबीच्या दिशेने दुमडलेले, म्हणून ते अरुंद पट्ट्या वाटतात. वर सांगितलेल्या दोन्ही मोठ्या गांधिली आणि रोपालिडियाही पंख असेच दुमडतात.

या छोट्या आणि मोठ्या गांधिलींचे आपसात काय नाते आहे, हे पाहायला ग्रीलखालचे पोळे पुरते. कमरेला पट्टा असलेली मोठी काळी गांधील आसपास घिरट्या घालू लागली की ओळखावे, ती आपल्यासाठी आलेली नाही. कागदी पोळ्यांतल्या अळ्या आणि कोश हे तिचे खाद्य. ती पोळ्यावर उतरली की एरवी माणसाच्या अंगावर धावून येणाऱ्या रोपालिडिया बाजूला सरकतात आणि ती एकेक खण रिकामा करत असताना काहीच करत नाहीत. घरमालकाने ज्या पोळ्यासाठी फवारणीवाल्याला फोन करायचे ठरवलेले असते, ते असे फुकटात ओस पडते.

पिवळा रंग पायांवर असेल आणि कमर दोऱ्याएवढी असेल, तर ती कुंभारीण. स्केलिफ्रॉन मद्रासपटॅनम हे तिचे शास्त्रीय नाव; मद्रासची आठवण त्यात कायमची राहिली आहे. अंग काळे, पायांवर ठळक पिवळे पट्टे, आणि पंख न दुमडता पाठीवर सरळ ठेवलेले. गच्चीवरील कुंड्यांना पाणी घातले की ती ओल्या मातीवर उतरते, पोट वर उचलून धरते, जबड्यांनी मातीची गोळी करते आणि ती गोळी भिंतीवर पसरताना तिचा चढता-उतरता ‘झूंऽऽ’ आवाज ऐकू येतो. देव्हाऱ्यामागे, फोटोच्या चौकटीत, बरेच दिवस न हलवलेल्या पडद्याच्या घडीत, कुठेही तिचे घर सापडते. घर फोडून पाहिले तर आत लहान-लहान कोळी एकावर एक रचलेले असतात, मेलेले नव्हे तर नांगीने लुळे केलेले, आणि त्यांतल्या एकावर अंडे चिकटवलेले असते. कुंभारीण माणसाच्या वाटेला सहसा जात नाही. गांधीलमाशी म्हणून झाडूने जिचा जीव घेतला जातो तीच नेमकी सर्वांत निरुपद्रवी निघावी, हा मला या सगळ्या प्रकरणातील खरा अन्याय वाटतो.

कुंभारणींचे दुसरे घराणे डेल्टा वगैरेंचे. त्यांचा रंग विटकरी, काळा आणि पिवळा असा मिसळलेला असतो, कमर बारीक आणि पोट पुढे फुगलेले. तोंडाशी बाहेर वळलेली कड असलेले त्यांचे मडके थेट कुंभाराच्या चाकावरून उतरवल्यासारखे दिसते. आत छताला बारीक धाग्याने अंडे टांगायचे, मग लुळ्या केलेल्या अळ्या कोंबायच्या आणि तोंड बंद करायचे, अशी त्यांची रीत. आपल्या संतवाङ्मयात आणि वेदान्तात वारंवार येणारा कीटभृंगन्याय यातूनच निघाला असणार: भृंगाने अळीला मातीच्या घरात कोंडले, अळीने भीतीने भृंगाचे अखंड चिंतन केले आणि ती स्वतःच भृंग होऊन बाहेर पडली. पाहणाऱ्याने पाहिले ते अगदी बरोबर होते. अळी आत गेली होती आणि काही दिवसांनी पंख असलेली कुंभारीण बाहेर आली होती. मधला भाग मातीआड घडला आणि तिथे अळीचे काय झाले ते चिंतनाहून बरेच कमी उदात्त होते.

पिवळा रंग अजिबात नसलेलीही एक आहे. अँप्युलेक्स कॉम्प्रेसा निळसर हिरवी, धातूसारखी चकाकणारी असते आणि तिच्या मधल्या व मागच्या पायांच्या मांड्या लाल असतात. इतकी देखणी माशी मोरीच्या आसपास काय करते, याचे उत्तर झुरळ. ती झुरळाला पहिला डंख छातीत करते, त्याने त्याचे पुढचे पाय काही वेळ लुळे पडतात. दुसरा डंख थेट डोक्यात, मेंदूच्या ठिकाणी. त्यानंतर झुरळ चालू शकते, पण स्वतःहून चालायला लागत नाही. मग ती त्याच्या मिशीला धरून त्याला आपल्या बिळात नेते.

रंगावर विसंबण्यातील शेवटची फसगत नकली मंडळी करतात. पावसाळ्याच्या अखेरीस गवतावर बसणारा अमाटा हा पतंग काळा असतो, पोटावर पिवळे पट्टे घेऊन हिंडतो आणि त्याला नांगी नसते. फुलांवर एका जागी तरंगणाऱ्या पिवळ्या-काळ्या माश्यांना पंखांची एकच जोडी असते, तर गांधीलमाश्यांना दोन. शिवाय खऱ्या गांधिलींतही नर डसत नाहीत, कारण नांगी हे मुळात अंडी घालण्याच्या अवयवाचेच बदललेले रूप आहे आणि ते फक्त मादीकडे असते. खिडकीत मरून पडलेली गांधील भिंगाखाली धरली तर मादीच्या स्पर्शिकेत बारा खंड मोजता येतात, नराच्या तेरा. जिवंत असताना हे मोजायला कोणी जाऊ नये. मधमाशीसारखी हिची नांगी कातडीत अडकून राहत नाही, त्यामुळे ती पुन्हापुन्हा डसू शकते.

आणि पंचवटीत अशाही आहेत की त्यांच्या बाबतीत पट्टा शोधायचे कामच पडत नाही. वडाच्या आणि उंबराच्या फळांत जन्मणाऱ्या, दोन-एक मिलिमीटरच्या, गडद रंगाच्या माद्या आणि त्यांचे फिकट, बिनपंखी नर हे गांधीलमाश्यांच्याच नात्यातले. त्यांची ओळख झाडावरून करायची, कारण वडाचे परागण युप्रिस्टिना मेसोनी करते आणि उंबराचे सेराटोसोलेन फ्युसिसेप्स. गोदाकाठी दोन्ही झाडे शेजारी उभी असली तरी एकीने दुसरीच्या झाडाचे परागण करायचे, असे सहसा घडत नाही. फळाच्या तोंडाशी इतकी दाटी असते की आत शिरताना मादीचे पंख तुटून बाहेरच राहतात. उंबर फोडल्यावर फुंकर मारून आपण जे बारीक किडे उडवतो, त्यांत बहुतेक त्यांच्याच लेकी असतात.