आठ चित्रपट, एक शब्द नाही

पोलिश अभिनेता आर्तुर बार्चिश हे नाव आपल्याकडच्या फिल्म क्लबवाल्यांनाही चटकन सांगता येणार नाही. चेहरा मात्र ओळखतील. पोलिश दिग्दर्शक किश्लोव्स्कीचे ‘डेकालॉग’ म्हणजे बायबलमधल्या दहा आज्ञांवरचे दहा चित्रपट, १९८०च्या दशकाच्या अखेरीस पोलिश टीव्हीसाठी केलेले. त्यांतल्या आठांत हा सडपातळ तरुण येतो, बघतो आणि जातो. पहिल्यात गोठलेल्या तळ्याकाठी शेकोटीपाशी बसलेला. तिसऱ्यात ट्राम चालवणारा. पाचव्यात रस्त्यावर जमीनमोजणीची काठी धरून उभा; टॅक्सीत खून करायच्या तयारीनं बसलेल्या पोराकडे बघून मान किंचित हलवतो, बस्स. आठांत मिळून एक शब्द नाही.

मूळ पटकथेत हा माणूस नव्हताच. किश्लोव्स्कीच्या चित्रपटगटात पटकथांचं काम बघणारा विटोल्ड झालेव्स्की त्याला सारखा म्हणायचा, ‘यात काहीतरी कमी आहे.’ काय ते त्यालाही सांगता येईना. मग त्यानं लेखक विल्हेल्म माखची गोष्ट सांगितली. एका चित्रपटाच्या खेळानंतर माख म्हणाला, त्या दफनभूमीच्या दृश्यातला काळ्या सुटातला माणूस मला फार आवडला. त्या चित्रपटाचा दिग्दर्शक म्हणाला, असा कुणी माणूसच नाही त्यात. माख हटेना, मी पाहिला म्हणाला. दहा दिवसांनी माख गेला. ‘डेकालॉग’मध्ये काय कमी आहे ते किश्लोव्स्कीला तेव्हा उमगलं: असाच एक माणूस.

समीक्षकांनी मग बार्चिशच्या या मूक माणसाला देवदूत केलं, नियती केलं. मला हे जरा जड जातं. देवदूताला मोजणीची काठी कशाला लागेल? हा तर काही वेळा चक्क कामावर असतो. आपापल्या कामात असलेला माणूस दुसऱ्याचं वाटोळं होताना क्षणभर बघतो आणि पुन्हा कामाला लागतो. मला ते जास्त भीतिदायक वाटतं.

पोलंडमध्ये मात्र बार्चिश म्हटलं की लोक आधी हसतात. १९९८पासून ‘मियोदोवे लाता’ या विनोदी मालिकेत तो गटारात काम करणारा नोरेक झाला, अखंड बोलणारा. त्याचा मित्र झाला नट त्सेझारी झाक, आणि तो ट्रामचालक! २००६मध्ये ‘रांचो’ आली. तिच्यात झाक गावचा कारभारीही आणि त्याचा जुळा भाऊ असलेला पाद्रीही. बार्चिश कचेरीतला सेक्रेटरी चेरेपाख. फायली, कारस्थानं आणि साहेबापुढे वाकलेली पाठ. असला चेरेपाख आपल्या कुठल्याही पंचायतीत खुर्ची टाकून बसेल.

‘डेकालॉग’च्या सातव्या भागात बार्चिशचं चित्रण नीट जमलं नाही म्हणून कापावं लागलं, असं किश्लोव्स्की सांगायचा. दहाव्यात त्याला घेतलंच नाही, कारण ती मूत्रपिंडाच्या सौद्याची विनोदी गोष्ट. तिथे असल्या माणसाचं काय काम? १९९६मध्ये किश्लोव्स्की गेला. नोरेक काही त्याला बघायला मिळाला नाही.