तुम्ही विचारलंत म्हणून: दिरावर दावा का नाही लावला?

इंदूरच्या रामबागेतलं हळदीकुंकू असो की कुणाच्या लग्नाची पंगत, प्रश्न ठरलेला: "दिराचं कर्ज तुम्ही फेडलंत, मग त्याच्यावर दावा का नाही लावत?" एकदाच सांगते.

दिराच्या बँकेच्या कर्जाला मी जामीन का राहिले ते तुम्हाला ठाऊक आहे. तेव्हाचे पेढे तुम्हीही खाल्लेत. पण बँकेने ते पैसे माझ्याकडे मागितले तेव्हा मी भांडले नाही असं कुणी म्हणू नये. सांवेर रोडच्या औद्योगिक भागात त्याचं मशीन आहे, तारण आहे, आधी ते विका, असं साहेबांना ऐकवलं. ते म्हणाले, "मॅडम, साइन तो आपके ही हैं ना?" पुढचं वकिलांनी सांगितलं. 1872 च्या करार कायद्याचं कलम 128: करारात वेगळं लिहिलं नसेल तर जामीनदाराची जबाबदारी कर्जदाराइतकीच. आधी त्याच्याकडे जा, मग माझ्याकडे या, हे चालत नाही. बँक ऑफ बिहारच्या खटल्यात सुप्रीम कोर्टाने 1968 सालीच ते निकालात काढलंय. रक्कम 20 लाखांच्या आत, म्हणून जबलपूरच्या डीआरटीऐवजी (बँकांच्या कर्जवसुलीचं न्यायाधिकरण) इंदूरच्याच कोर्टात खेचलं असतं. मी एफडी मोडल्या.

सगळे पैसे भरले की तोच कायदा जामीनदाराला बँकेच्या जागी बसवतो, तारणासकट. म्हणून वकिलांना घेऊन सांवेर रोडला गेले, मशीन उचलायचं ठरवूनच. ते चालू होतं. बादल्यांची झाकणं पडत होती, एक कारीगर ती रचत होता आणि दीर स्वतः जमिनीवर बसून त्यांच्या कडा चाकूने तासत होता. मला पाहून त्याने मशीन बंद केलं, हात पुसले. "वहिनी, घेऊन जा. गाडी मागवू?" नाटक होतं? असेलही; मला अजून ठरवता आलेलं नाही. वकिलांना हळूच विचारलं, किती येतील? त्यांनी भंगाराचा भाव सांगितला. माझ्या पैशांचा पाव हिस्साही नाही. म्हटलं, चालू ठेव, महिन्याला देत जा. काही महिने दिलेही. मग कधी दिवाळी आडवी आली, कधी ऑर्डर नव्हती.

बँकेच्या पायऱ्या उतरताना "याला कोर्टात उभा करीन" म्हणणारी मीच. ती मला विचारते, तू कुठली दानशूर लागून गेलीस? दानशूर नाही गं. फ्लॅट जावेच्या नावावर. कोर्ट फी मागणीच्या हिशेबात, तीही आधी माझ्याच खिशातून. डिक्री मिळाली तरी वसूल काय करू? शिवाय सासूबाई त्याच्याकडे असतात. सगळी सोयीची कारणं आहेत, असं ती म्हणते. तिचं काही चूक नाही.

जामीनदाराला दाव्यासाठी पैसे भरल्यापासून 3 वर्षं असतात. मुदतीत कर्जदाराने काही रक्कम दिली आणि तसं सहीनिशी लिहून दिलं, तर तिथून मुदत नव्याने मोजतात. परवा दीर थोडे पैसे घेऊन आला. मी चिठ्ठी पुढे केली.

"वहिनी, विश्वास नाही माझ्यावर?"

म्हटलं, आहे की. सही कर.

"उद्या करतो" म्हणून गेलाय.