तुम्ही विचारलंत म्हणून: नाचाच्या क्लासमध्ये अजून 'बिली जीन' का?

दर बॅचला एखादी आई विचारतेच, "मॅडम, तुम्ही अजून मायकल जॅक्सन लावता? एवढं सगळं बाहेर आलं तरी?"

लावते. 'बिली जीन' तर पहिल्याच महिन्यात. आधी नुसता ड्रम, मग बास, आणि हा गायला लागेपर्यंत जवळजवळ अर्धं मिनिट. निर्माता क्विन्सी जोन्सला ही सुरुवात फारच लांबलेली वाटे, छाटू म्हणाला; जॅक्सन म्हणे, हेच ऐकून मला नाचावंसं वाटतं. तेवढ्यात माझी पोरं ठेका धरतात, एक-दोन-तीन-चार ओरडावं लागत नाही.

मग मूनवॉक. १९८३ मध्ये टीव्हीवर याच गाण्यात त्याने तो केला (शोध त्याचा नव्हे, टॅप डान्सर बिल बेली १९५० च्या दशकातच असा मागे सरकायचा). पोरं मोजे घालून येतात आणि फरशीवर टेकलेल्या पायावरच भार देऊन अडकतात. भार हवा टाच उचललेल्या पायाच्या चवड्यावर. टेकलेला पाय हलका ठेवून मागे ओढायचा. मग टाचांची अदलाबदल. जमलं की आरशात स्वतःकडे बघून खिदळतात.

१९९६ मध्ये अंधेरीत त्याचा कार्यक्रम झाला तेव्हा मी सातवीत होते. तिकीट कुठलं परवडायला, पेपरातली कात्रणं वहीत चिकटवली. ती वही अजून आहे, हे कबूल करते.

लहान मुलाच्या लैंगिक शोषणाच्या २००५ च्या खटल्यात तो सगळ्या आरोपांतून सुटला. मीही सुटल्यासारखी झाले. पण तेव्हा त्याच्या बाजूने साक्ष देणारा वेड रॉब्सन पुढे म्हणाला, लहानपणी त्याने माझं लैंगिक शोषण केलं. जॅक्सनची मालमत्ता सांभाळणारे हे साफ नाकारतात. मला रॉब्सनचं खरं वाटतं. पाच वर्षांचा असताना ऑस्ट्रेलियात जॅक्सनसारखं नाचून तो स्पर्धा जिंकला होता, आणि बक्षीस काय, तर जॅक्सनची भेट! असली पोरं माझ्याकडे दर शनिवारी टोपी घालून येतात.

गाणं ठेवलं, भिंतीवरचं पोस्टर काढलं. आया डोकावल्या की पोरं लाजतात म्हणून पूर्वी दाराला आतून कडी असायची. आता दार सताड उघडं, बाहेर चार खुर्च्या. खालचा वाणी आवाजावरून कटकट करतो, करू दे. आणि एकट्या मुलाला वेगळं थांबवून शिकवणं बंद केलं, स्पर्धा तोंडावर आली तरी.