फोटोत न उतरलेला निळा

रामबागेतल्या मंडळींनो, फोटो टाकलेत. पण हिमनदीचा तो निळा रंग त्यांत काही नीट उतरला नाही.

आज अलास्कात, जूनोला, मेंडेनहॉल हिमनदी बघायला सायकलनं गेलो. मी, दादा आणि वहिनी. गाईड मुलगी पुढे, आम्ही मागे, दोन्हीकडे स्प्रूसची ओली झाडं. तळ्याकाठी पोचलो आणि एरवी अखंड बोलणारी वहिनी गप्पच झाली. वरच्या थरांच्या भारानं बर्फातली हवा निघून जाते. असा घट्ट बर्फ प्रकाशातला लाल रंग शोषून घेतो, म्हणून निळा दिसतो. समोरचं एवढं मोठं तळं मात्र १९२९च्या सुमारास तयार व्हायला लागलं, हिमनदी मागे सरकली म्हणून. ऐकून पोटात कालवलं. आपल्या नातवंडांना इथून काय दिसेल?

सायकली परत केल्यावर बिअर चाखायला बसलो. इथली अलास्कन ब्रुइंग ही बिअर कंपनी १९८६ची. त्यांची अंबर बिअर तांबूस, गोडसर, कडवटपणा बेताचा. स्मोक्ड पोर्टर या काळ्या बिअरला आल्डरच्या लाकडाचा धूर दिलेला, वास थेट चुलीचा! मला तीच आवडली. दादानं बॅगेतून इंदूरची लौंग सेव काढली. गाईडनं चव घेतली आणि पाकीट स्वतःकडे ओढलं.