तिकीट भिजवण्यापूर्वी

वापरलेली टपाल तिकिटे पाकिटावरून न फाटता कशी काढावीत आणि काढल्यावर गोव्याच्या पावसाळ्यात ती टिकवावीत कशी, हे मला वर्षभरात कितीतरी जण विचारतात. अलीकडेच डिचोलीच्या एका गृहस्थांनी वडिलांच्या ट्रंकेत सापडलेला पत्रांचा गठ्ठा माझ्यापुढे ठेवला आणि पाणी किती गरम घ्यायचे तेवढेच सांगा, म्हणाले. तुम्ही विचारलंत म्हणून सगळे सांगते. पण पाण्याकडे वळण्याआधी एक गोष्ट सांगायला हवी, कारण ती ठाऊक नसल्यामुळे माझ्या हातून झालेले नुकसान चाळीस वर्षांनंतरही भरून आलेले नाही.

मी तेव्हा सहावीत होते. फोंड्याच्या आमच्या घरी आजोबांच्या कागदपत्रांत मला एक पिवळट पाकीट सापडले. त्यावर दोन तिकिटे शेजारी शेजारी लावलेली होती. डावीकडचे पोर्तुगीज अमदानीतले, नाण्याचे चित्र असलेले. उजवीकडचे भारताचे, नकाशाचे, नव्या पैशांतले. १९ डिसेंबर १९६१ रोजी गोवा मुक्त झाला, महिना संपण्याच्या आत येथे भारतीय तिकिटे चालू झाली, आणि जानेवारी १९६२ च्या पहिल्या आठवड्यापर्यंत जुनी व नवी अशी दोन्ही तिकिटे चालत होती, हे मला पुष्कळ नंतर समजले. त्या दुपारी मला फक्त दोन सुंदर तिकिटे दिसली. मी ती परातीत भिजवली, दोन्ही अगदी अलगद सुटली, आईने कौतुक केले आणि उरलेले पाकीट न्हाणीच्या चुलीत गेले. शिक्क्याचे वर्तुळ दोन्ही तिकिटांवर थोडे थोडे उमटले होते, परंतु गावाचे नाव आणि तारीख पाकिटाच्या कागदावर होती. ती दोन तिकिटे अजून माझ्याकडे आहेत. सुटी पाहिली तर दोन्ही सामान्य आहेत, कोणत्याही संग्राहकाकडे मिळतील. एका राज्याचे टपाल संपून दुसऱ्याचे सुरू होत असतानाच्या मोजक्या दिवसांत ती एकाच पाकिटावर होती, याचा पुरावा तेवढा मी जाळला.

म्हणून माझे पहिले उत्तर असे की, पाकीट हातात आल्यावर आधी ते भिजवू नये असे काही त्यावर आहे का, ते पाहावे. गोव्यातील घरांत हे पाहणे विशेष गरजेचे आहे. येथे १८७१ पासून पोर्तुगीज भारताची स्वतंत्र तिकिटे निघत होती आणि पहिली तर गोव्यातच छापलेली होती. किंमत आधी रेईसमध्ये, मग रेईस आणि तांगा यांमध्ये, आणि १९५९ पासून सेंतावो व एस्कुदोमध्ये लिहिली जाई. पोर्तुगालात राजेशाही गेल्यावर १९११ साली राजाच्या चित्रावरच ‘रेपुब्लिका’ (प्रजासत्ताक) हा शब्द छापून तीच तिकिटे वापरात ठेवली गेली. अशा काळातले पाकीट, गावाचे नाव व तारीख नीट वाचता येणारा शिक्का, रजिस्टर पत्राची क्रमांकाची चिठ्ठी, पत्र उघडून तपासल्यावर लावलेली सेन्सॉरची पट्टी किंवा पत्ता चुकल्यामुळे फिरत फिरत आलेल्या पत्राच्या मागच्या बाजूचे शिक्के, यांपैकी काहीही दिसले तर ते पाकीट जसेच्या तसे ठेवावे. पत्र कोठून निघाले, कोणत्या वाटेने गेले आणि किती दिवसांनी पोहोचले, हे पाकिटावरच लिहिलेले असते. गठ्ठ्यात निम्म्याहून अधिक पाकिटे न भिजवण्याची निघाली तर वाईट वाटून घेऊ नका.

भिजवायची ती साधी पाकिटे: कार्यालयांची, मासिकांची, शिक्का फिसकटलेली, आणि ज्यांवर नेहमीच्या वापरातली तिकिटे आहेत ती. तिकिटाभोवती बोटभर कागद सोडून तुकडा कापावा. तिकिटाच्या अगदी कडेने कात्री चालवली तर दाते कापले जातात, आणि एक दाता गेला तरी तिकीट अधू होते. पाणी गरम घ्यायचे नाही. थंड किंवा फार तर हाताला जेमतेम कोमट लागेल इतके पुरते, कारण गोंद विरघळायला उष्णतेपेक्षा वेळ अधिक उपयोगी पडतो आणि उष्णतेने रंग मात्र नक्की सुटतो. किटलीच्या वाफेवर धरण्याचा जुना उपाय पुष्कळ जण सांगतात. मी तो करीत नाही, कारण वाफ शाई व कागद दोन्ही फुगवते आणि ती किती वेळ द्यायची याचा अंदाज हाताला कधीच येत नाही.

पसरट ताटलीत दोन बोटे पाणी घेऊन तुकडे चित्राची बाजू वर करून सोडावेत, एकावर एक येणार नाहीत इतकेच. पाणी खालच्या कागदातून शिरते आणि गोंदापर्यंत पोहोचते. जुन्या तिकिटांना बाभळीच्या जातीच्या झाडांचा नैसर्गिक गोंद असे, तो दहा-पंधरा मिनिटांत सुटतो. नंतरच्या काळातल्या कृत्रिम गोंदाला अर्धा तास आणि कधी त्याहूनही जास्त लागतो. या वेळात ताटलीकडे पाहत बसावे, पण हात लावू नये. पुष्कळ तिकिटे आपोआप सरकून कागदापासून वेगळी होतात. जी होत नाहीत, ती चिमट्याने कोपऱ्यात धरून ओढण्याचा मोह होतो आणि सर्वांत जास्त नुकसान तेव्हाच होते: पाठीचा कागद सोलला जातो, समोरून काही कळत नाही, पण उजेडासमोर धरले की पातळ झालेली जागा डागासारखी दिसते. तिकीट तळहातावर उपडे ठेवावे आणि त्याच्या पाठीवरून पाकिटाचा कागद सोलून घ्यावा. ओढ सगळी कागदावर पडावी, तिकिटावर नव्हे. कागद अडला तर पुन्हा पाण्यात. त्यानंतर दुसऱ्या स्वच्छ पाण्यात तिकीट बुडवून पाठीवर बोट हलकेच फिरवावे. बुळबुळीत लागले तर गोंद शिल्लक आहे, आणि हा उरलेला गोंदच पुढे पावसाळ्यात घात करतो.

तिकीट ओले असतानाच त्याची पाठ एकदा नीट पाहून घ्यावी, असे मी सर्वांना सांगते. काळ्या ताटलीत उपडे ठेवले की कागदातले जलचिन्ह, म्हणजे कागद बनवतानाच त्यात उमटवलेली फिकट खूण, दिसू लागते. वर सांगितलेली भारताच्या नकाशाची मालिका १९५७ साली निघाली तेव्हा तिच्या कागदात ताऱ्यांचे जलचिन्ह होते आणि १९५८ पासूनच्या छपाईत अशोकस्तंभाच्या शीर्षाचे आले. समोरून दोन्ही तिकिटे सारखीच. पहिल्यांदा पाण्यात ते छोटे छोटे सिंह वर आलेले पाहिले, तेव्हा मी ताटली उचलून शेजारच्या घरी दाखवायला नेली होती.

सर्व तिकिटांना पाणी मानवत नाही, हे मात्र लक्षात ठेवावे. लग्नपत्रिकेचे लाल किंवा गुलाबी पाकीट ताटलीत पडले की पाच मिनिटांत पाणी सरबतासारखे होते आणि सोबतच्या सगळ्या तिकिटांच्या पांढऱ्या कडा गुलाबी होऊन बसतात; तो रंग पुन्हा जात नाही. असे तुकडे प्रत्येकी वेगळ्या वाटीत, थंड पाण्यात, थोड्याच वेळासाठी ठेवावेत. ब्रिटनमध्ये राणी व्हिक्टोरियाच्या काळात, १८८३-८४ साली, जांभळट व हिरव्या रंगाची तिकिटे मुद्दाम अशा कच्च्या शाईत छापली होती की शिक्का धुऊन तिकीट दुसऱ्यांदा वापरू पाहणाऱ्याच्या हाती रंग उडालेला कागदच यावा. ती शाई अजूनही आपले काम करते. त्यातले हिरवे तिकीट भिजवले की ते पिवळट पडते. अमेरिकेची अलीकडच्या काळातली चिकट पाठीची बहुतेक तिकिटे पाण्याने सुटतच नाहीत. ती मी भोवती समान कडा ठेवून कागदासकट कापते आणि तशीच लावते. आपल्याकडे २००६ साली चंदनाच्या आणि २००७ साली गुलाबाच्या वासाची तिकिटे निघाली. ती वापरलेली मिळाली तरी मी कागदावरच ठेवते.

आता वाळवणे. माझ्या अनुभवात गोव्यात निम्मी मेहनत येथेच आहे. घाटावरच्या पुस्तकी सूचनांत ‘तासाभरात वाळतात’ असे लिहिलेले असते. जुलै महिन्यात फोंड्यात पंख्याखाली रात्रभर ठेवलेले तिकीट सकाळी स्पर्शाला कोरडे वाटते, पण आतून दमट असते. मी तिकिटे टिपकागदावर चित्राची बाजू खाली करून मांडते, म्हणजे पाठीवर गोंदाचा अंश राहिला असला तरी तो चिकटत नाही. वर्तमानपत्र वापरू नये, त्याची शाई उतरते. ऊन देऊ नये, रंग विटतो. इस्त्री तर मुळीच नको. पाणी निथळले आणि तिकिटे कडांनी वळू लागली की ती नव्या, कोरड्या टिपकागदांत घालून जाड पुस्तकांखाली ठेवावीत. दुसऱ्या दिवशी टिपकागद बदलावा, तिसऱ्या दिवशी पुन्हा. पावसाळ्यात मी चार दिवसांच्या आत एकही तिकीट स्टॉकबुकात, म्हणजे तिकिटे ठेवायच्या वहीत, घालीत नाही. खरे तर आता जून ते सप्टेंबर मी भिजवण्याचे काम करीतच नाही. तुकडे कापून डब्यात साठवते आणि दिवाळीनंतर ताटल्या काढते.

मे महिन्यात घरोघरी पुरुमेंताची, म्हणजे पावसाळ्यासाठीच्या साठवणीची, तयारी चालते, मिरच्या, सोले, सुके मासे उन्हे दाखवून डब्यांत भरले जातात, तेव्हाच मी संग्रहही आवरते. प्रत्येक स्टॉकबुक उघडून पंख्याच्या वाऱ्यावर पाने सुटी करते, कसर लागली आहे का ते पाहते, आणि पश्चिमेच्या भिंतीला लागून नसलेल्या कपाटात वह्या उभ्या ठेवते, त्याही सैल. आडव्या एकावर एक रचल्या तर वजनाने पाने दाबली जातात आणि ओल आतच कोंडते. कपाटात सिलिका जेलच्या पुरचुंड्या ठेवते. त्यांतले नारिंगी दाणे ओल शोषून हिरवे झाले की ते काढून भट्टीत पुन्हा वाळवावे लागतात. आषाढात हे काम दर आठवड्याला येते. डांबरगोळ्या मात्र तिकिटांजवळ ठेवू नयेत.

याच संदर्भात माझे एक मत आहे, ते नवी कोरी तिकिटे जमवणाऱ्यांना आवडत नाही. कोऱ्या तिकिटाची किंमत त्याच्या पाठीवरच्या अस्पर्श गोंदात असते, आणि गोव्याच्या हवेत तो गोंद दरवर्षी ओला होऊ पाहतो. पणजीच्या टपाल कार्यालयात रांग लावून घेतलेल्या कोऱ्या तिकिटांचे अख्खे पान एका पावसाळ्यात वहीच्या कागदाला चिकटून बसलेले मी पाहिले आहे. ते सोडवायचे तर भिजवावे लागते आणि भिजवले की ते कोरे राहत नाही. नीट धुऊन वाळवलेल्या वापरलेल्या तिकिटाला हे भय नाही. या किनाऱ्यावर राहून संग्रह करायचा असेल तर वापरलेली तिकिटेच जमवावीत, असे मी मुलांना मनापासून सांगते.

भय आहे ते तांबूस ठिपक्यांचे. आधी दात्यांच्या टोकांवर गंजासारखी झाक येते, मग ती आत सरकते. दमट कागदावर वाढणाऱ्या बुरशीचे हे काम. असे एक तिकीट दिसले की ते लगेच त्या पानावरून काढून वेगळ्या लिफाफ्यात ठेवावे आणि शेजारची तिकिटे भिंगाखाली तपासावीत. ठिपके घालवणारी औषधे लोक सुचवतात. त्यांनी ठिपक्याबरोबर रंगही जातो, म्हणून मी ती वापरीत नाही. स्वस्त मऊ प्लॅस्टिकचे खिसे आणि चिकट पानांचे फोटो अल्बम यांचाही मी अनुभव घेतला आहे. त्या प्लॅस्टिकमधून काही वर्षांनी तेलकट ओशटपणा सुटतो आणि छपाईची शाई त्यालाच चिकटून येते. माझी मोझांबिकची आठ तिकिटे अशी गेली.

ती तिकिटे आमच्या शेजारच्या माईंनी दिलेली होती. त्यांचे यजमान तारवटी, म्हणजे बोटीवर कामाला, होते, दीर आफ्रिकेत नोकरीला, आणि घरी येणारे प्रत्येक पाकीट त्या एका बिस्किटांच्या डब्यात ठेवीत. लहानपणी त्या मला त्यांतली तिकिटे कापून नेऊ देत. दोन वर्षांपूर्वी, जाण्याच्या थोडे आधी, त्यांनी डबाच माझ्या हाती दिला. कात्री न लागलेली एकतीस पाकिटे त्यात निघाली: मोंबासा, एडन, बैरा, साउदॅम्प्टन. एका पाकिटावरचे तिकीट एका कोपऱ्यातून सुटले आहे आणि खाली गोंदाचा पिवळा चौकोन दिसतो. बोट लावले तर ते आपोआप निघेल. मी त्या पाकिटाला कडक कागदाची पाठ दिली, स्वच्छ पारदर्शक खिशात ते उभे घातले आणि डिचोलीच्या गृहस्थांना सर्वांत आधी तेच दाखवले. त्यांनी आपला गठ्ठा पुन्हा सुतळीने बांधला आणि पुढच्या रविवारी, भिंग घेऊन, एकेक पाकीट माझ्यासोबत पाहायचे ठरवले आहे.