वेस्टमिन्स्टरचे हुकूम, हिशेब आणि दगड

सोमवार

इंग्लंडचा राजा तिसरा हेन्री याच्या काळातले, लंडनच्या वेस्टमिन्स्टर ॲबी या मठ-चर्चच्या बांधकामाचे कागद. कागद आपलं म्हणायचं. आहेत त्या मेंढीच्या कातड्याच्या गुंडाळ्या, लॅटिनमध्ये आणि तेही निम्मे शब्द तोडून लिहिलेल्या. एडवर्ड द कन्फेसर या राजानं बांधलेलं चर्च हेन्रीनं १२४५ मध्ये पूर्वेकडून पाडायला घेतलं आणि त्याच जागी नवं उभारायला सुरुवात केली. एडवर्डला ११६१ मध्ये संतपद मिळालं होतं, आणि हेन्रीची त्याच्यावर इतकी भक्ती की थोरल्या मुलाचं नावही एडवर्डच ठेवलं.

पहिली कटकट तारखांची. इसवी सन क्वचितच दिसतो. असतं ते राज्यवर्ष, म्हणजे राज्याभिषेकापासून मोजलेलं वर्ष, आणि संताचा सण. हेन्रीचा राज्याभिषेक २८ ऑक्टोबर १२१६ चा, म्हणून त्याचं वर्ष त्या दिवशी पालटतं. उदाहरणार्थ, राज्यवर्ष ३७, सेंट निकोलसच्या सणाची पूर्वसंध्या: सण ६ डिसेंबरचा, म्हणजे ५ डिसेंबर. सन मात्र १२५२, १२५३ नव्हे. साधा हिशेब असा: तारीख २८ ऑक्टोबरच्या आधीची असेल तर राज्यवर्षात १२१६ मिळवायचे, २८ किंवा नंतरची असेल तर १२१५. मोडी कागदांवरचा शुहूर सन जंत्री घेऊन ज्यांनी जुळवलाय, त्यांना हे दुखणं नवं नाही. तिथं वर्ष मृगाला पालटतं, इथं ऑक्टोबरअखेर.

हेन्रीचा बाप जॉन याहून छळवादी. त्याचा राज्याभिषेक ११९९ मध्ये असेन्शनच्या, म्हणजे ख्रिस्ताच्या स्वर्गारोहणाच्या सणाला झाला. हा सण ईस्टरनंतर ३९ दिवसांनी येतो आणि ईस्टर दरसाल हलतो. त्यामुळे जॉनची वर्षं लहानमोठी. त्याचं तिसरं वर्ष ३ मे १२०१ ला सुरू होऊन २२ मे १२०२ ला संपतं, म्हणजे ३ ते २२ मे या तारखा त्यात दोनदा येतात. दस्तावर ‘१० मे, वर्ष तिसरं’ एवढंच असलं, तर राजा त्या दिवशी कुठं मुक्कामाला होता हे दुसऱ्या दस्तांवरून ताडल्याशिवाय साल लावू नये.

आणि ‘सेंट एडवर्डचा सण’ असं नुसतं दिसलं तर कोणता धरायचा? कन्फेसरचे दोन: ५ जानेवारी हा मृत्यूचा, १३ ऑक्टोबर हा अस्थी हलवल्याचा. शिवाय एडवर्ड नावाचा आणखी एक संत राजा आहे, हुतात्मा एडवर्ड. त्याचा १८ मार्च. लेखनिकानं ‘कन्फेसर’ किंवा ‘हुतात्मा’ हा शब्द गाळला की घोळ झालाच म्हणून समजा.

मंगळवार

आज आकडे. पौंडाचे २० शिलिंग, शिलिंगाचे १२ पेनी. मार्क हे नाणं नाही, हिशेबापुरता आकडा आहे: १३ शिलिंग ४ पेनी, पौंडाचा दोन तृतीयांश. डेव्हिड ऑफ ऑक्सफर्ड हा ज्यू सावकार १२४४ मध्ये वारला, तेव्हा त्याच्या इस्टेटीवर ५,००० मार्कांची वसुली बसली. पौंडांत मांडली तर ३,३३३ पौंड ६ शिलिंग ८ पेनी. ती भरायची त्याची विधवा लिकोरिसिया हिनं, आणि त्यातले २,५९१ पौंड ॲबीच्या बांधकामाकडे वळवले गेले. या कामासाठी वेगळी तिजोरीच काढली होती. हेन्रीच्या भक्तीवर लिहिणाऱ्यानं ही नोंद तळटीपेत ढकलू नये. बांधकामाचा सगळा खर्च पुढं ४० हजार पौंडांच्या वर गेला. त्या मानानं एका विधवेकडून आलेली ही रक्कम काही थोडी नव्हे.

वाचताना हमखास होणारी चूक म्हणजे रोमन चारावर बारीक अक्षरांत दोन एक्स असले की ते २४ वाचायचे. ते चार विसा, म्हणजे ८०. खिळ्यांचं ‘शेकडा’ही फसवं. तो बहुतेकदा १२० चा असतो. बेरीज जुळेना की लेखनिकाला शिव्या घालण्याआधी शेकडा १२० धरून पाहावा. पेनीनंतर ‘ओब’ असेल तर अर्धा पेनी, ‘क्वा’ असेल तर पाव. हे पाव-अर्धे सोडून दिले की आठवड्याची मजुरी कधीच जुळत नाही.

बुधवार

राजाचा हुकूम आणि काम यांत अंतर असतं, हे स्वतःला पुन्हा पुन्हा बजावावं लागतं. सरकारी दफ्तराच्या गुंडाळ्या म्हणजे रोल: क्लोज रोलमध्ये हुकूम, लिबरेट रोलमध्ये पैसे देण्याची आज्ञा, पाइप रोलमध्ये वर्षाचा हिशेब. पाइप रोलचं वर्ष पुन्हा वेगळंच, २९ सप्टेंबरच्या मायकलमसला, म्हणजे सेंट मायकलच्या सणाला संपणारं. राजा अमुक सणाच्या आत काम पुरं करा म्हणतो. त्यावरून काम पुरं झालं असं मानून लिहिलेली वाक्यं बऱ्याच ठिकाणी सापडतात. पैसे दिल्याची नोंद दिसेपर्यंत हुकूम म्हणजे राजाची इच्छा, एवढंच.

१२५३ चे आठवडावार मजुरीचे हिशेब हातात असणं हे भाग्यच. पांढरा दगड घडवणारे वेगळे, ‘मार्बल’वाले वेगळे, रचणारे गवंडी, सुतार, लोहार, काचकामवाले, छताला शिशाचे पत्रे बसवणारे, घासून चकाकी आणणारे, आणि मग बिगारी. ऐन उन्हाळ्यात एकूण चारशेच्या वर. पण तुकडेकामाची रक्कम एका ओळीत ठोक लिहिलेली असते आणि तिच्यामागचे हात मोजलेले नसतात. म्हणजे खरी माणसं याहून जास्तच.

हिवाळ्यात आकडा पडतो. त्या वर्षी ऑगस्टमध्ये राजा फ्रान्सच्या नैर्ऋत्येतल्या गॅस्कनीच्या मोहिमेवर गेला, कारभार राणी एलिनॉरकडे आला. त्यामुळे ‘पैसा युद्धाकडे गेला’ असं लिहून मोकळं व्हायचा मोह होतो. आधी कारागीरवार पाहावं. थंडीत चुन्याचा गारा नीट धरत नाही, ओला असताना गोठला तर भुगा होतो. म्हणून अर्धवट भिंतींची डोकी पेंढ्यानं झाकून रचणाऱ्यांना घरी पाठवत. दगड घडवणारे मात्र छपराखाली वसंतापर्यंत काम करत राहत. रचणारे घटले आणि घडवणारे तसेच राहिले, तर कारण थंडी. दोन्ही एकदम घटले, तर तिजोरीकडे पाहायचं.

ते ‘मार्बल’ही खरा संगमरवर नव्हे. डॉर्सेटमधल्या पर्बेकचा चुनखडक तो. घासून चमकवलेल्या खांबाजवळ डोळे नेले की गोड्या पाण्यातल्या गोगलगायींचे शंख कापलेले दिसतात, चकलीच्या चकत्यांसारखे.

शुक्रवार

१३ ऑक्टोबर १२६९ ला एडवर्डच्या अस्थी नव्या जागी नेल्या. त्यावरून ‘१२६९ मध्ये चर्च पूर्ण’ असं सर्रास छापलं जातं. पूर्ण झाला होता पूर्वेचा भाग, आडवे दोन बाहू आणि सभामंडपाचा पूर्वेकडचा तुकडा. पश्चिमेला एडवर्डच्या चर्चचा जुना मंडप तसाच चिकटून होता, आणि तो शंभरावर वर्षं राहिला. काम पुन्हा सुरू झालं १३७६ मध्ये, आणि तेव्हा हेन्री येव्हेले या मुख्य गवंड्यानं आपल्या काळाची शैली बाजूला ठेवून जुन्याच नमुन्यावर नवं बांधलं. कमानींचा घाट पाहून काळ ठरवणारा इथं शतकभरानं चुकतो. खूण बारीक आहे: जुन्या भागात कमानींच्या वरच्या भिंतीवर चौकोनात फुलं कोरलेली आहेत, नव्या भागात भिंत सपाट.

बाहेरून तर काळ सांगूच नये. भिंतींचा रायगेट गावचा दगड मऊ, लंडनच्या धुरात झडला, आणि शतकानुशतकं नवे दगड चढवले गेले. पश्चिमेचे दोन मनोरे तर १७४५ चे.

चॅप्टर हाउसची, म्हणजे मठवासींच्या बैठकीच्या खोलीची फरशी मात्र अस्सल, १२५० च्या दशकातली. ही अष्टकोनी खोली सोळाव्या शतकापासून १८६० च्या दशकापर्यंत सरकारी दफ्तरखाना होती. दफ्तरासाठी फरशीवर लाकडी तक्तपोशी टाकली, आणि तिच्याखाली फरशा पायांपासून वाचल्या. त्यांतल्या लॅटिन ओळीचा अर्थ असा: फुलांत जसा गुलाब, तशी घरांत ही वास्तू.